पंधराच्या घरात बांधलेली तार

मी एक जुनी फ्यूजपेटी आहे. मित्रांनो, तुमच्या अंगणात चारचाकी उभी असेल तर माझी एखादी बहीण तिच्यात नक्की असेल, पण तुम्ही तिला कधी पाहिलं नसेल. आम्हाला पाहायचं तर माणसाला वाकावं लागतं. स्टीअरिंगच्या खाली, चालवणाऱ्याच्या उजव्या गुडघ्याजवळ, जिथे चपलांचा चिखल उडतो, तिथे आमचं बिऱ्हाड. माणसं आरशाला फडक्याने पुसतात, समोर देवाचा फोटो चिकटवतात, त्याला झेंडूची माळ घालतात. आमच्या वाट्याला गुडघ्याचे धक्के.

माझ्या अंगावर ओळीने खाचा आहेत आणि प्रत्येक खाचेत एक फ्यूज बसतो. नखापेक्षा थोडा मोठा, रंगीत, दोन पायांचा. त्याच्या पोटात एक बारीकशी पट्टी असते. दिव्याची, भोंग्याची, काचेवरचं पाणी पुसणाऱ्या वायपरची वीज या पट्टीतून जाते. कुठे गडबड झाली, वीज सोसवेनाशी झाली, की पट्टी वितळून तुटते. वीज तिथेच थांबते आणि पुढची तार जळत नाही. लाल फ्यूज दहा अँपिअरचा, निळा पंधराचा, पिवळा विसाचा, हिरवा तिसाचा. ज्याचा जेवढा आकडा तेवढंच तो सोसतो, त्याहून जास्त आलं की जीव देतो. ही माझी लेकरं. ती जळायलाच जन्माला येतात हे मला ठाऊक आहे आणि मी त्यासाठी रडत नाही. पण त्यांनी जीव देऊन सांगितलेलं कुणी ऐकत नाही, तेव्हा मात्र माझ्या अंगाचा तिळपापड होतो.

मी एका कारखान्यात साच्यातून निघाले ते साल १९९९. काळं कुळकुळीत प्लॅस्टिक, आत पितळेचे चकचकीत ओठ. माझ्या झाकणाच्या आतल्या बाजूला कोणतं घर कशाचं याची चित्रं छापलेली होती. शेजारी फ्यूज उपटायचा इवलासा चिमटा आणि दोन-तीन जादा फ्यूज. एका पांढऱ्या गाडीत मला बसवलं आणि गाडी गोंदियाला केवलरामजींकडे आली.

केवलरामजींची धानाची गिरणी होती. त्यांच्या कपड्यांना कायम कोंड्याचा वास यायचा, पण माझ्यात त्यांनी कणभर कोंडा शिरू दिला नाही. दर दिवाळीला ते गुडघे टेकून बसायचे, किल्ली बंद करायचे, चिमट्याने एकेक फ्यूज सरळ वर ओढायचे आणि उजेडासमोर धरायचे. पोटातली पट्टी अखंड दिसली की "चल बेटा, जा अपने घर" म्हणून परत बसवायचे. कधी एखादा उडालेला सापडला तर त्याच रंगाचा, त्याच आकड्याचा नवा घालायचे. तोही उडाला तर तिसरा घालत नसत. "ये कुछ बोल रहा है," म्हणायचे आणि तार शोधत गाडीभर हिंडायचे. त्या घरात माझं कौतुक होतं. पुढे त्यांचे डोळे अधू झाले आणि गाडी विकली गेली.

ती घेतली दुलीचंदजींनी. सडक अर्जुनीजवळच्या खेड्यातलं हे शेतकरी कुटुंब. दुलीचंदजी आणि त्यांची बायको निर्मलाबाई, मुलगा उमेंद्र, सून दुर्गेश्वरी आणि नातवंड रिंकी. रिंकीला नुकतं तिसरं लागलं होतं. गाडी घरी आली तेव्हा निर्मलाबाईंनी चाकांखाली लिंबू ठेवले आणि बॉनेटवर हळदीकुंकवाची पाच बोटं उमटवली. मला कुणी काही लावलं नाही, पण रिंकी खाली रांगत आली, माझ्या झाकणावर थापट्या मारल्या आणि म्हणाली, "हे कोनाचं घर?" तिच्या आईने तिला उचललं आणि सहज झाकण उघडून आत पाहिलं. रंगीबेरंगी फ्यूज पाहून मायलेकी हसल्या. त्या दिवसापासून त्या दोघी माझ्या.

आता माझ्या रागाची गोष्ट.

गाडी घराची झाली आणि बैलगाडीचं सगळं काम तिच्यावर आलं. युरिया, फवारणीचा पंप, दळून आणलेला तांदूळ, गिरणीवरून येणारे धानाचे कट्टे, म्हणजे पोती. उन्हाळी धानाचा एक कट्टा मागच्या सीटवर फाटला. वरवरचे दाणे झाडले, फटीतले राहिले. दाण्यांमागोमाग उंदीर आला. तो कुठे शिरला हे मला दिसत नव्हतं. पण एके दिवशी निळ्या पंधराच्या घरात मला कळ आली. हे घर ब्रेकच्या लाल दिव्यांचं. उमेंद्रने ब्रेक दाबला, मागे कुठेतरी उघडी तार पत्र्याला लागली, वीज भसकन धावली आणि माझं निळं लेकरू फट्‌दिशी गेलं.

उमेंद्रने माझ्या झाकणातला जादा निळा काढून बसवला. इथवर ठीक. तोही गेला. त्याने दुसरा बसवला, तोही गेला. तेव्हा एक गोष्ट सगळ्यांच्या लक्षात आली. निर्मलाबाई गाडीत असल्या तरच फ्यूज जायचा. त्यांची जागा ठरलेली होती, उमेंद्रच्या मागचा कोपरा. तिथे दुसरं कुणी बसायचं नाही. बाई अंगाने भरदार, सीट तिथे चांगली खोल दबायची.

मग काय, उमेंद्रला फावलंच. "माय बसली का फ्यूज जाते!" तो पारावर सांगायचा आणि पोरं खो खो हसायची. दुलीचंदजीही मिशीत हसून म्हणायचे, "गाडीले बी समजते बापा, कोन बसलं ते."

निर्मलाबाई आधी हसल्या, नंतर त्यांना ते लागलं. "मी का धानाचा कट्टा आहो? ठेवा तुमची गाडी तुमच्यापाशी! मी पायी जाईन." आणि खरंच त्यांनी गाडीत बसणं सोडलं.

मित्रांनो, संताप बघा. खरी गोष्ट चारचौघांत बोलली जात होती आणि हसण्यावारी जात होती! ती बसली की जातो, तर तिच्या सीटखाली बघा की! एवढं त्या घरात एकटीच्या डोक्यात आलं होतं, दुर्गेश्वरीच्या. पण ती पडली सून. मुलगा आईची चेष्टा करतो ती लाडाची होते, सुनेने तेच शब्द उच्चारले तर घरात चूल पेटत नाही. एकदा तिने भाकरी थापता थापता सुरुवात केली, "माय, तुमी बसता तवा..." निर्मलाबाईंनी अशी नजर टाकली की तिचं वाक्य तव्यावरच करपलं.

सडक अर्जुनीच्या चौकात उदाराम मिस्त्रीचं दुकान. त्याने नवे निळे फ्यूज दिले आणि म्हणाला, "भाऊ, गाडी ठेवून जा. कारन पाहा लागते. फ्यूज असा उगाच नाही जात."

"रोवना चालू हाय, उदारामभाऊ. बांधीत पानी उभं हाय. गाडी कशी ठेवू?" उमेंद्र म्हणाला. रोवणा म्हणजे धानाची लावणी, तेव्हा बांध्या, म्हणजे वाफे, पाण्याने भरलेले असतात.

"मंग पुन्हा जाईन नं."

"जाईन तं जाईन. आता माय बसतच नाही," उमेंद्र हसला आणि निघाला.

काही दिवस खरंच काही झालं नाही. मग गचक्यांच्या रस्त्यावर, कोपऱ्यात कुणी नसतानाही, निळा उडाला. हायवेवर उमेंद्रने ब्रेक दाबला, मागचे दिवे लागलेच नाहीत आणि मागून येणारा ट्रक टेकतो की काय असा थांबला. ड्रायव्हरने खिडकीतून डोकं काढून आरडाओरडा केला, "अरे ब्रेक लाइट जलती नहीं तेरी, सो रहा है क्या? मरेगा और हमें भी मरवाएगा!"

उमेंद्र घाबरला. त्याने पुढे जे केलं ते भीतीपोटी केलं, हे मी मान्य करते. वाईट माणूस नाही तो. रिंकीला छातीवर झोपवून तास तास हलत नाही. पण भ्यायलेला माणूस विचार करत नाही, सवयीचं करतो. आणि त्या घराची, त्याच कशाला, त्या आख्ख्या पंचक्रोशीची एक सवय होती.

शेतातल्या मोटरपंपाच्या पेटीत चिनी मातीचा फ्यूज असतो. लाइन, म्हणजे वीज, येते थोडा वेळ, ती पण ढिली, कमी दाबाची. बारीक तार असली की सारखी जाते, आणि तोवर लाइनच जाते, धान सुकतं. म्हणून सगळे जाड तार बांधतात. जळालेल्या मोटरीच्या गुंडाळीतली तांब्याची तार प्रत्येकाच्या घरी दाराजवळ खिळ्याला लटकलेली. फ्यूज गेला की हात आपोआप त्या खिळ्याकडे जातो. उमेंद्रचा गेला. त्याने माझा मेलेला निळा फ्यूज घेतला, त्याच्या दोन्ही पायांना तार पिळून बांधली आणि माझ्या खाचेत कोंबून बसवला.

"आता जाऊन दाखव म्हना!" तो मला म्हणाला.

माझ्या पंधराच्या घरात पन्नास काय, शंभर सोसणारी तार! माझं लेकरू मरायचं आणि बाकी सगळ्यांना वाचवायचं. ही तार मरणारच नव्हती. म्हणजे आता जळायचं ते दुसऱ्याच कुणीतरी. मी ओरडत होते, पण प्लॅस्टिकच्या पेटीला आवाज कुठला?

दुर्गेश्वरीने ते पाहिलं. "अजी, हे का लावलं?"

"तार. घरी बी तेच लावतो नं. तू कायले डोस्कं खपवून राहिली?"

"घरचा पंप बांधीत उभा राह्यते जी. त्याच्यावर माही रिंकी नाही बसत."

"झाली मिस्त्रीन! जा, चहा ठेव."

तिने चहा ठेवला. कप असा आपटला की बशीत अर्धा सांडला.

रोवणा आटोपला आणि फुलचूरहून सांगावा आला. उमेंद्रची बहीण योगेश्वरी तिथे दिलेली, तिला मुलगी झाली होती. बारसं ठरलं. लेकीच्या लेकीचं बारसं, आता निर्मलाबाईंचा रुसवा कसा टिकणार? त्यांनी ठेवणीतलं लुगडं नेसलं, बाळासाठी शिवलेली दुपटी पिशवीत भरली आणि आपल्या कोपऱ्यात येऊन बसल्या. "आज कोनी काही बोललं तं पाहाच!" रिंकी त्यांच्या मांडीवर. शेजारी दुलीचंदजी. पुढे दुर्गेश्वरी.

मी थिजले होते. बाई बसल्या, सीट दबली, आणि मागे कुठेतरी उघडी तार पत्र्यावर दाबली गेली हे मला कळलं. आता फक्त ब्रेक दाबायचा अवकाश.

गावातून निघताना उमेंद्रने जरासा ब्रेक दाबला, मला चटका बसला. हायवेला लागल्यावर पुढे ट्रकच ट्रक. ब्रेक, चटका. ब्रेक, चटका. तार लाल व्हायला लागली. माझ्या पितळी ओठांना फोड आले. दुर्गेश्वरीने हवेत हुंगलं. "काहीतरी जळून राहिलं."

"ट्रकचा धूर हाय. काच लाव."

कोहमाऱ्याच्या फाट्याआधी ट्रकांची रांग थांबली होती, तीही उतारावर. उमेंद्रने ब्रेक दाबला आणि दाबूनच धरला. मग मात्र माझ्यातून काळा धूर निघाला. माझा एक कोपरा मेणासारखा खाली गळला. धूर पाहून उमेंद्र भेदरला, आणि भेदरून त्याने काय करावं? ब्रेक आणखी जोरात दाबला! जितका तो घाबरला तितका पाय रोवला, जितका पाय रोवला तितकी तार तापली. मागून रिंकी म्हणाली, "आजी, गरम. खाली गरम."

दुर्गेश्वरीने तो शब्द ऐकला आणि तिच्या डोक्यात सगळं एका ओळीत लागलं असावं. तिने हातब्रेक खसकन वर ओढला आणि नवऱ्यावर ओरडली, "पाय उचला! अजी, ब्रेकवरचा पाय उचला!"

"अवो, गाडी जाईन पुढं..."

"पाय उचल म्हनतो नं तुले!"

लग्नानंतर पहिल्यांदा तिच्या तोंडून 'तुले' निघालं. उमेंद्रचा पाय आपसूक उचलला गेला. वीज थांबली. तार काळवंडली. तोवर दुर्गेश्वरी दार उघडून मागे पोचली होती. रिंकी तिच्या कडेवर, निर्मलाबाई तिच्या हाताला, दुलीचंदजी धोतर सावरत मागोमाग. तिने पिशवीतलं नवं दुपटं काढून हाताला गुंडाळलं, उमेंद्रच्या दाराने आत वाकली आणि ती तार माझ्या खाचेतून उपटून रस्त्यावर फेकली. दुपट्याला भोक पडलं. तिच्या बोटालाही भाजलं, पण ते तिला नंतर कळलं.

तुम्हाला वाटेल, आता तरी उमेंद्र शहाणा झाला असेल. ऐका. त्याने गाडी ढकलून कडेला घेतली, घाम पुसला आणि खिशात हात घातला. खिशात तारेचं दुसरं वेटोळं होतं. "थोडी सैल बसली होती. आता घट्ट बांधतो."

"बांध बे लवकर," दुलीचंदजी म्हणाले. "बारशाची वेळ निंगून जाईन."

दुर्गेश्वरी रस्त्याच्या कडेला उभी होती, रिंकीला घट्ट धरून. "बांधा. मी नाही बसत. माही पोरगी नाही बसत. तुमी जा तिघं."

"अवो, लोक पाहून राहिले..."

"पाहू द्या! इतके दिवस तुमीच लोकायले सांगून राहिले नं, माय बसली का फ्यूज जाते म्हनून? हसून राहिले नं? मंग मायच्या सीटखाली काऊन नाही पाहिलं?" मग ती सासूकडे वळली आणि आवाज खाली आणला. "माय, तुमच्या वजनाचा दोष नाही. तुमच्या खाली काहीतरी हाय, ते दबते. मी कधीचीच सांगनार होती. भेव वाटलं."

ट्रकवाले माना वळवून बघत होते. निर्मलाबाईंनी लुगड्याचा काष्टा खोचला आणि मुलाला म्हणाल्या, "उचल सीट."

"माय, आता..."

"उचल म्हनली नं!"

सीट उचलली. खाली कापसाचं, चिंध्यांचं आणि धानाच्या तुसाचं घरटं होतं. मधोमध कुरतडलेली तार, तांबं उघडं, आणि तिच्याभोवतीचं तूस काळं झालेलं. अजून धुगधुगत होतं. बरोबर त्याच्यावर रिंकी बसली होती, आजीच्या मांडीवर.

उमेंद्रने हातानेच घरटं ओढून बाहेर टाकलं, पायाने चिरडलं, आणि विझलं तरी चिरडत राहिला. निर्मलाबाईंनी त्याच्या मुठीतलं तारेचं वेटोळं ओढून घेतलं आणि पलीकडच्या पाण्याने भरलेल्या बांधीत भिरकावलं. "मले कट्टा म्हनत होता! आईच्या बुडाखाली विस्तव ठेवला आन गावभर हसला! थू तुह्या अकलेवर!"

"माय, मले का मालूम..."

"मालूम नव्हतं तं तिनं सांगतलं तवा आयकाचं होतं!"

दुलीचंदजी गुपचूप डिकीकडे गेले. मोटरपंपाच्या सामानातली काळी टेप त्यांनी आणून सुनेपुढे धरली. उमेंद्रने बॅटरीची तार सैल केली आणि टेपने उघडं तांबं गुंडाळलं, एकदा, पुन्हा, वरून आणखी एकदा. ती तार त्याने सीटच्या दाबाखालून सरकवून बाजूला बांधली.

आता फ्यूज कुठून आणायचा? माझ्या झाकणातले जादा सगळे संपलेले. दुर्गेश्वरी माझ्यापुढे गुडघे टेकून बसली. झाकणावरची धुरकटलेली चित्रं तिने पदराने पुसली. बोट फिरवत फिरवत एका घरावर थांबली. "हा रेडिओचा. हा बी निळा, पंधराचाच." चिमटा कधीचा हरवला होता. तिने नखांनी, हळूच, सरळ वर, तो उपटला. मावळतीच्या बाजूला धरून पोटातली पट्टी पाहिली. अखंड होती. गळलेल्या कोपऱ्यातलं काळं तिने खरवडलं आणि रेडिओचा निळा ब्रेकच्या घरात बसवला. मित्रांनो, केवलरामजींनंतर माझ्या खाचेत कुणी इतक्या मायेने काही ठेवलं नव्हतं.

बॅटरी जोडून झाली. "माय, बसा," ती म्हणाली.

निर्मलाबाई आपल्या कोपऱ्यात बसल्या. चांगल्या दाबून बसल्या. "दाब रे ब्रेक."

उमेंद्रने दाबला. दुर्गेश्वरी आणि रिंकी गाडीच्या मागे उभ्या होत्या. "लागला! आई, लाल लागला!" रिंकीने टाळ्या पिटल्या. माझा निळा जागच्या जागी, थंड. तेव्हा कुठे मायलेकी गाडीत बसल्या. फुलचूरपर्यंत रेडिओ नव्हता, निर्मलाबाई मात्र अखंड चालू होत्या. बारशाला उशीर झाला, आणि जळक्या भोकाचं दुपटं पाहून योगेश्वरीच्या सासूने नाक मुरडलं. मुरडू दे.

दुसऱ्या दिवशी गाडी उदाराम मिस्त्रीकडे पूर्ण दिवस उभी राहिली. नवी तार पडली. माझा कोपरा मात्र वाकडाच राहिला, तो आता सरळ व्हायचा नाही.

मित्रांनो, तुम्ही मोठे व्हाल, गाड्या चालवाल. एखाद दिवशी भोंगा वाजणार नाही किंवा दिवा लागणार नाही. तेव्हा मला लाथ मारू नका. किल्ली बंद करा, वाका, झाकणावरची चित्रं वाचा, फ्यूज उजेडात धरा. तुटला असेल तर तेवढ्याच आकड्याचा घाला, एकाने मोठाही नको. आणि तोही गेला तर हात आवरा. पुन्हा पुन्हा मरणारं लेकरू काहीतरी सांगत असतं. घाई आहे, पाहुणे खोळंबलेत, धान सुकतंय, ही सगळी कारणं मी ऐकली आहेत. मला त्यांची चीड येते. फ्यूज बाजारात कुठेही मिळतो. मागच्या सीटवरून "खाली गरम" म्हणणारं पोर कुठल्याच दुकानात मिळत नाही.